फाईल वाजते, पण एडिटर घेत नाही

मागच्या भागात सावित्रीच्या पुरावरच्या व्हिडिओचं बोललो होतो. तो करताना कुठे अडकलो, ते आज सांगतो.

२००५ च्या जुलैत महाड-पोलादपूर भागात महापूर आला, जुई-दासगावला दरडी कोसळल्या. त्या दिवसांबद्दल आजी बोलली होती, ते पोलादपूरच्या मामाने जुन्या फोनवर रेकॉर्ड केलेलं. अकरा मिनिटं. आजी आता नाही, तिचा आवाज एवढाच उरलाय.

फाईल टाइमलाइनवर टाकली, तर एडिटर म्हणतो, फॉरमॅट चालत नाही. मामा म्हणाला, "अरे, माझ्या फोनवर तर वाजतंय की!" मामेभावाने फाईलच्या नावातलं एएमआर खोडून एमपीथ्री लिहिलं. तरी नाहीच.

कारण साधं आहे. नाव बदलणं म्हणजे बरणीवरची चिठ्ठी बदलणं, आतलं लोणचं तेच. आवाज ज्या पद्धतीने दाबून साठवलाय, ती पद्धत म्हणजे कोडेक. ती उलगडणारा भाग सॉफ्टवेअरमध्ये नसेल, तर फाईल उघडत नाही. फोनमध्ये तो होता, एडिटरमध्ये नव्हता.

मग काय केलं?

१. मूळ फाईल केबलने कॉम्प्युटरवर घेतली, दोन ठिकाणी कॉपी ठेवली. काम फक्त कॉपीवर.

२. ऑडॅसिटीत एफएफएमपेग लायब्ररी जोडून फाईल उघडली. दोन्ही फुकट मिळतात.

३. डब्ल्यूएव्ही, १६ बिट, ४८,००० हर्ट्झ असं एक्सपोर्ट केलं. व्हिडिओत हाच रेट सर्रास वापरतात.

एक एमबीची फाईल साधारण ६३ एमबीची झाली. पण साइझ वाढली म्हणून आवाज सुधारत नाही हां! साध्या एएमआरमध्ये सेकंदाला ८,००० च नमुने असतात. रेकॉर्डिंगच्या वेळी जे गेलं, ते गेलंच. आजीचा आवाज फोनवर बोलल्यासारखाच राहिला. मागे पत्र्यावर पाऊस वाजतोय, तोही मी नॉइज म्हणून काढला नाही.

व्हॉट्सॲपच्या व्हॉइस नोटचंही असंच. आत ओपस कोडेक असतो, बरेच एडिटर तो घेत नाहीत. उपाय हाच.

आणि एक काम कराच. कपाटात बंद पडायला आलेला जुना फोन असेल, तर त्यातली रेकॉर्डिंग्ज या रविवारीच काढून घ्या. फॉरमॅट नंतरही बदलता येतो, फोन मेला की सगळंच अवघड. भेटू पुढच्या भागात!