घर केवढ्याला पडले?

दारव्हा असो, पुसद असो, की यवतमाळच्या कडेचा एखादा नवा लेआऊट असो, कुणी घर बांधले आणि वास्तुपूजेचे जेवण आटोपले, की पानसुपारी घेता घेता पाहुणा विचारतोच, "काय भाऊ, केवढ्याला पडलं घर?" घरधनी समाधानाने सांगतो, "पंचवीस लाखाला. पाच घरचे होते, वीस बँकेचे काढले." पाहुणा मान डोलावतो आणि हिशेब तेथेच संपतो. खरे पाहिले तर तो तेथे सुरू होतो. कारण ते वीस लाख बँकेला परत द्यायचे आहेत, आणि परत देताना ते वीस राहत नाहीत. मग किती होतात? ते आज आपण कागद-पेन्सिल घेऊन पाहू या.

व्याजाचा दर बँकेबँकेत आणि वर्षावर्षाला बदलतो. समजून घेण्यासाठी आपण वर्षाला ९ टक्के धरू. कर्ज वीस लाख, मुदत वीस वर्षे. महिन्याचा हप्ता येतो सुमारे १७,९९५ रुपये. मास्तरीण बाई म्हणतात, "पगारातून सुटतील अठरा हजार." ठीक. पण महिने किती? २४०. आता गुणाकार करा. बेरीज होते ४३ लाख १८ हजारांच्या वर. म्हणजे मुद्दल वीस लाख आणि व्याज २३ लाख १८ हजार. घरचे पाच लाख त्यात मिळवले, तर पंचवीस लाखांचे घर अठ्ठेचाळीस लाखांना पडले.

आपल्याकडच्या जुन्या माणसांना 'दामदुप्पट' हा शब्द ठाऊक आहे. सावकाराने एका वेळी मागायचे व्याज मुद्दलापेक्षा अधिक असू नये, असा हा जुन्या हिंदू कायद्यातला नियम. मुंबई इलाख्यातली न्यायालये तो मानीत असत. मग तुम्ही विचाराल, वीस लाखांवर तेवीस लाख व्याज हे दामदुपटीच्याही पुढे गेले, ते कसे? त्याचे उत्तर असे, की तो नियम साचून राहिलेल्या व्याजाला लगाम घालणारा होता. आजच्या कर्जात व्याज साचतच नाही. ते दरमहा भरले जाते. साचत नाही म्हणून दिसत नाही, आणि दिसत नाही म्हणून टोचत नाही. दामदुपटीची वेस आपण केव्हा ओलांडली, हे घरात कुणालाच कळत नाही.

हे घडते कसे? पहिल्या महिन्याचा हिशेब करा. वीस लाखांवर वर्षाचे व्याज १ लाख ८० हजार, म्हणजे महिन्याचे १५ हजार. तुम्ही भरले १७,९९५. त्यांतले १५ हजार व्याजात गेले आणि मुद्दलातून फिटले फक्त २,९९५. दुसऱ्या महिन्यात व्याज किंचित घटते, १४,९७८ होते. मुद्दलात ३,०१७ जातात. अशा मुंगीच्या पावलाने मुद्दल उतरते. पहिल्या वर्षात तुम्ही २ लाख १६ हजारांच्या आसपास भरता आणि कर्ज कमी होते साडेसदतीस हजारांनी! दहा वर्षे झाली, निम्मी मुदत सरली, तरी बाकी असते १४ लाख २० हजार. निम्मे मुद्दल फिटायला चौदा वर्षे लागतात.

यात बँकेने काही लबाडी केली, असे मुळीच नव्हे. जेवढी बाकी तेवढ्यावरच तिने व्याज घेतले. गणित सरळ आहे. आपण ते मांडत नाही, एवढेच. आपण हप्ता पाहतो, वर्षे पाहत नाही. आणि कर्ज महाग पडते ते बहुतांशी वर्षांमुळे.

हेच वीस लाख, हाच ९ टक्के दर, आणि फक्त मुदत बदलून पाहा. दहा वर्षांत फेडले तर हप्ता २५,३३५ आणि एकूण व्याज १० लाख ४० हजार. पंधरा वर्षांत फेडले तर हप्ता २०,२८५ आणि व्याज साडेसोळा लाख. वीस वर्षांचे आपण पाहिलेच. आता कुणी तुम्हाला सांगेल, "तीस वर्षे घ्या, हप्ता हलका होईल." होतो ना! १६,०९२ होतो; महिन्याला एकोणीसशे रुपयांची सवलत. पण व्याज होते ३७ लाख ९३ हजार. महिन्याच्या एकोणीसशे रुपयांच्या आरामासाठी पावणेपंधरा लाख जादा! उलट वीसऐवजी पंधरा वर्षे घेतली, तर महिन्याला २,२९१ रुपये जास्त द्यावे लागतात आणि ६ लाख ६७ हजार वाचतात. सही करण्यापूर्वी ही ओळ प्रत्येकाने स्वतःच्या आकड्यांनी लिहून पाहावी.

दुसरी गोष्ट दराची. घराची पुष्कळशी कर्जे बदलत्या दराची असतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी कर्जे बाहेरच्या एखाद्या दराला, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला, बांधलेली असतात. हा रेपो दर मे २०२२ च्या आरंभी ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ मध्ये तो ६.५ टक्क्यांवर गेला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के! २०२५ साली तो पुन्हा उतरू लागला. दर चढला की काय होते? समजा, एकाने ७ टक्क्यांनी वीस लाख घेतले, वीस वर्षांसाठी. हप्ता १५,५०६. दोन वर्षे भरले आणि दर साडेनऊ झाला. बँकेने हप्ता तोच ठेवला, मुदत वाढवली. घरात कुणाला काही जाणवले नाही. खात्यातून तेवढेच पैसे जात राहिले. परंतु आता त्या हप्त्यातले जेमतेम साडेचारशे रुपये मुद्दलात जातात. उरलेली अठरा वर्षे वाढून सुमारे सदतीस होतात! पंचेचाळिशीच्या माणसाचे कर्ज ब्याऐंशीव्या वर्षापर्यंत चालायचे.

म्हणूनच ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितले, की दर बदलताना कर्जदाराला विचारले पाहिजे: हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडे थोडे? हा तुमचा हक्क आहे. झेपत असेल तर हप्ता वाढवून घ्यावा. आणि दर उतरला तर मात्र हप्ता कमी करून मागू नये. तोच ठेवावा, म्हणजे वर्षे कमी होतात.

तिसरी गोष्ट शब्दांची. 'नऊ टक्के' म्हणजे कोणते नऊ टक्के? घटत्या बाकीवरचे, की सपाट? सपाट दरात व्याज शेवटपर्यंत मूळ रकमेवरच लावतात. एक लाख रुपये, पाच वर्षे, ९ टक्के सपाट, म्हणजे ४५ हजार व्याज. तेच घटत्या बाकीवर साडेचोवीस हजार. सपाट ९ टक्के म्हणजे घटत्या बाकीवरचे पावणेसोळा टक्के होत! आकडा तोच, अर्थ निराळा. तसेच, कर्जाबरोबर विमा दिला आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला, तर तोही वीस वर्षांच्या व्याजावर चढतो. साठ हजारांचा विमा शेवटी १ लाख २९ हजारांना पडतो. विमा वाईट नाही. पैसे शक्यतो वेगळे भरावेत. १ ऑक्टोबर २०२४ पासून बँकेने कर्जाची सारी महत्त्वाची माहिती एका विवरणपत्रात द्यावी, आणि व्याजासह सर्व खर्च धरून वर्षाचा एकूण दर किती पडतो तेही त्यात लिहावे, असा नियम आहे. तो कागद मागा. समजेल त्या भाषेत वाचून घ्या.

बरे, कर्ज तर घेऊन बसलो, आता उपाय काय? उपाय आहे, आणि तो आपल्या कापूसवाल्या जिल्ह्याला विशेष सोयीचा आहे. शेतकऱ्याच्या हातात पैसा दरमहा येत नाही. कापूस, तूर विकली की येतो. त्यातून पहिल्याच वर्षाच्या शेवटी एक लाख रुपये जादा मुद्दलात भरले, आणि हप्ता तोच ठेवला, तर पुढचे सुमारे २७ हप्ते गळून पडतात. ३ लाख ९६ हजारांच्या आसपास व्याज वाचते. हाच एक लाख पंधराव्या वर्षी भरला तर वाचतात फक्त ५२ हजार. म्हणजे भरायचे ते लवकर. नोकरदारांनी वर्षाला एक जादा हप्ता भरला, तरी वीस वर्षांचे कर्ज साडेसोळा वर्षांत फिटते आणि साडेचार लाखांहून अधिक रक्कम वाचते. बदलत्या दराच्या घरकर्जावर अशा मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांनी व्यक्तीकडून घेऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच ठरवले आहे. मात्र पैसे भरताना अर्जात स्पष्ट लिहा: "ही रक्कम मुद्दलात जमा करावी आणि मुदत कमी करावी."

पण सगळाच पैसा मुद्दलात ओतून मोकळे होऊ नका. पाच-सहा हप्त्यांची रक्कम वेगळी ठेवा. बोंडअळीचे वर्ष येते, पाऊस दगा देतो, घरात आजारपण निघते. हप्ता नव्वद दिवसांवर थकला की खाते थकीत कर्जात मोडते. मग २००२ च्या सरफेसी कायद्याखाली बँक साठ दिवसांची नोटीस देऊन घराचा ताबा घेण्याची कारवाई करू शकते. या कायद्यात शेतजमिनीला सूट आहे. राहत्या घराला नाही. हे शेतकऱ्याने पक्के ध्यानात ठेवावे.

तर मग कर्ज घेऊच नये की काय? असे मी म्हणणार नाही. कर्जाशिवाय पगारदाराचे घर निवृत्तीनंतरच व्हायचे. भाडे वाचते, मुले आपल्या छपराखाली वाढतात. शिवाय वीस वर्षांनी भरायचा रुपया आजच्या रुपयाएवढा वजनदार नसतो, पगारही वाढतो. म्हणून शेवटचे हप्ते पहिल्यांइतके जड वाटत नाहीत. तेव्हा ४३ लाख हा आकडा भिण्यासाठी नाही, ठरवण्यासाठी आहे. खोली एक कमी बांधावी की मुदत पाच वर्षे वाढवावी, हा निर्णय आकडा समोर ठेवून घ्यावा.

शेवटची गोष्ट कागदपत्रांची. कर्ज फिटले म्हणजे तारण आपोआप सुटते, असे समजू नये. आपल्या वऱ्हाडाचाच इतिहास पाहा. हैदराबाद कंटिंजंट या फौजेच्या खर्चाचे देणे थकले, म्हणून १८५३ च्या तहाने निजामाने वऱ्हाड इंग्रजांच्या हवाली केले. १८६० साली सुमारे पन्नास लाखांचे ते देणे रद्द झाले. धाराशिव आणि रायचूर दुआब निजामाला परत मिळाले. वऱ्हाड मात्र फौजेच्या खर्चासाठी इंग्रजांकडेच राहिले. १९०२ मध्ये तर वर्षाला पंचवीस लाखांच्या मोबदल्यात ते कायमच्या पट्ट्याने त्यांच्याकडे गेले. देणे सुटले, प्रांत सुटला नाही. कारण करारातल्या अटी तशा होत्या. आपले घर काही प्रांत नव्हे, आणि आजचा कायदा कर्जदाराच्या बाजूने पुष्कळ बोलतो. १ डिसेंबर २०२३ पासून नियम असा, की कर्ज पूर्ण फिटल्यावर तीस दिवसांत मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई. म्हणून शेवटचा हप्ता भरला की बेबाकीचा दाखला घ्या, कागद मोजून घ्या, आणि मिळकतीच्या दप्तरात बँकेच्या बोजाची नोंद असेल तर ती कमी करून घ्या.

शिक्षक बंधुभगिनींना एक विनंती. सातवी-आठवीच्या वर्गात एक तास यासाठी द्या. फळ्यावर लिहा: बाकी गुणिले ९, भागिले १२००, म्हणजे महिन्याचे व्याज. हप्त्यातून ते वजा करा. उरेल ते मुद्दलातून कमी करा. नवी बाकी मांडा. अशा बारा ओळी मुलांकडून करवून घ्या आणि वही घरी दाखवायला सांगा. ज्या घरात कर्ज आहे, तेथे ती वही आईबाप लक्ष देऊन वाचतील.