हंसण्याची जरब

जपानी नट जूझो इतामी यांचा जन्म १९३३ सालीं क्योतो येथें एका चित्रपट-दिग्दर्शकाच्याच घरीं झाला. पन्नाशीपर्यंत त्यांनीं अभिनय व निबंधलेखन केलें. १९८४ सालीं, सासऱ्यांच्या उत्तरक्रियेच्या अनुभवावरून, त्यांनीं 'ओसोशिकि', म्हणजे 'अंत्यविधि', हा चित्रपट स्वतः लिहून दिग्दर्शित केला. नायिका त्यांच्या पत्नी नोबुको मियामोतो. १९९२ च्या 'मिन्बो'मध्यें संघटित गुंडांचें शौर्य किती पोकळ असतें हें त्यांनीं हंसत-खेळत दाखविलें. आठवड्याच्या आंतच गुंडांनीं त्यांच्या तोंडावर सुरीचे वार केले. परंतु लेखणी थांबली नाहीं. पोलिसांच्या पहाऱ्यांत काढलेल्या दिवसांतूनच १९९७ चा 'मारुताई नो ओन्ना' जन्मास आला. त्याच वर्षीं ते निवर्तले. शस्त्राला न भिणारा दांडगाहि जगाच्या हंसण्याला भितो, हें त्यांच्या चरित्रावरून वाचकांच्या ध्यानीं येईल.