गदेनंतरचे आयुष्य

मल्लाच्या आयुष्याचा हिशेब लोक दोन-चार कुस्त्यांत आटोपून टाकतात. अमक्या साली अमक्याला अस्मान दाखविले, अमुक गदा मिळविली, हत्तीवरून मिरवणूक निघाली, एवढे सांगून झाले की त्याचे चरित्र पुरे झाले असे मानण्याचा आपल्याकडे प्रघात आहे. वस्तुतः मैदानातील उमेदीची वर्षे फार झाली तर दहा-बारा. त्यानंतर उरणाऱ्या तीस-चाळीस वर्षांचे काय होते, हा प्रश्न क्वचितच कोणी विचारतो. ज्यांच्या बाबतीत तो विचारावा आणि ज्याचे उत्तर करवीरनगरीने अभिमानाने द्यावे, असे एक नाव म्हणजे हिंदकेसरी गणपतराव आंदळकर. १६ सप्टेंबर २०१८ रोजी ते निवर्तले, तेव्हा बहुतेकांना त्यांची गदा आणि पदके आठवली. तथापि त्यांच्या कर्तृत्वाचा मोठा भाग गदेनंतरचा होता.

सांगली जिल्ह्याच्या शिराळा तालुक्यातील पुनवत हे त्यांचे गाव आणि १९३५ हे जन्मसाल. त्या भागातील असंख्य मुलांप्रमाणे तेही कुस्तीच्या ओढीने कोल्हापुरात आले आणि मोतीबाग तालमीचे झाले. हिंदकेसरी किताबाची परंपरा १९५८ मध्ये सुरू झाली. १९५९ मध्ये तो श्रीपती खंचनाळे यांनी मिळविला, १९६० मध्ये आंदळकरांनी. उत्तरेच्या मल्लांचा दबदबा असलेल्या त्या काळात लागोपाठ दोन वर्षे हा मान कोल्हापूरच्या तांबड्या मातीकडे आला, ही गोष्ट लहान नव्हती.

त्याहून मोठी गोष्ट १९६२ मध्ये जकार्ताच्या आशियाई स्पर्धेत घडली. ९७ किलोवरील गटात आंदळकरांनी ग्रीको-रोमन कुस्तीचे सुवर्णपदक आणि मुक्त शैलीतील रौप्यपदक मिळविले. त्याच स्पर्धेत त्यांच्याच जिल्ह्यातील कवठेपिरानच्या मारुती माने यांनी ९७ किलो गटात मुक्त शैलीचे सुवर्ण आणि ग्रीको-रोमनचे रौप्य पटकाविले. आंदळकरांच्या सुवर्णपदकाचे मर्म जाणकारच ओळखतील. ग्रीको-रोमन प्रकारात कमरेखाली धरायचे नाही आणि पायाचा डावही करायचा नाही. पट काढणे, टांग मारणे, ढाक लावणे हे तर आपल्या मातीतल्या कुस्तीचे प्राण! ज्याच्या हातापायांत हे सारे लहानपणापासून मुरलेले, त्याने अर्धी विद्या बाजूस ठेवून केवळ कमरेवरच्या बळावर आणि कौशल्यावर आशिया खंडात पहिले यावे, याचा अर्थ असा की त्याने डाव पाठ केलेले नव्हते. डावामागचे तत्त्व त्याला उमगलेले होते. पुढे उत्तम वस्ताद होणाऱ्या माणसाची खूण त्या एका पदकात दिसते.

१९६४ मध्ये त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी टोकियोच्या ऑलिंपिकमध्ये ते दोन्ही शैलींत उतरले. पदक मात्र हाती लागले नाही. मैदानातील पर्व सरल्यावर ते मोतीबागेतच वस्ताद म्हणून उभे राहिले, आणि ज्या हौद्यात स्वतः घाम गाळला तेथेच दुसऱ्यांकडून तो गाळून घेण्याचे व्रत त्यांनी पत्करले.

हे व्रत किती कठीण, याची कल्पना तालमीबाहेरच्या माणसाला सहसा येत नाही. पहाट होण्यापूर्वी पोरांना उठवायचे, हौदा खणून घ्यायचा, जोर-बैठकांची गणती ठेवायची आणि लढतीला जोड लावताना कोणाची कोणाशी गाठ घालावी याचा विवेक ठेवायचा. एखाद्याला पुढे ढकलायचे, एखाद्याला मागे खेचायचे. कोणाचा खुराक कमी पडतो, कोणाचे लक्ष उडाले आहे, कोणाच्या घरून या महिन्यात पैसे आले नाहीत, हेही वस्तादालाच कळावे लागते. डाव कोणीही दाखवील. परंतु त्या डावाची तोड शिकविणे, आणि समोरचा आपल्यावर चढला असता धीर न सोडता खाली तग धरण्याची सवय लावणे, हे वर्षानुवर्षांचे काम आहे. त्याला ना टाळ्या मिळतात, ना इनाम. पठ्ठा जिंकला की गुलाल पठ्ठ्यावर उधळला जातो, आणि तो योग्यच होय.

मोतीबागेत आंदळकरांच्या देखरेखीखाली घडलेल्यांत राधानगरी तालुक्यातील अर्जुनवाड्याचे दादू चौगुले हे सर्वांत ठळक नाव. १९७० आणि १९७१ अशी सलग दोन वर्षे ते महाराष्ट्र केसरी झाले. १९७४ मध्ये ख्राइस्टचर्चच्या राष्ट्रकुल स्पर्धेत त्यांनी रौप्यपदक मिळविले. कालांतराने तेही वस्ताद झाले. केंद्र सरकारचा ध्यानचंद पुरस्कार त्यांना २५ सप्टेंबर २०१८ रोजी राष्ट्रपती भवनात प्रदान झाला. त्या वेळी त्यांच्या वस्तादांना जाऊन अवघे नऊ दिवस झाले होते.

प्रत्येक मोठा मल्ल मोठा वस्ताद होतोच असे नाही. स्वतःचे बळ वापरणे वेगळे आणि दुसऱ्याचे बळ ओळखणे वेगळे. ज्यांना हे दुसरे साधले, त्यांनी काय करून दाखविले याची उदाहरणे कोल्हापूरबाहेरही आहेत. महाराष्ट्राची मैदाने गाजविणारे दिल्लीचे सतपाल १९८२ च्या आशियाई स्पर्धेत सुवर्णपदक मिळवून थांबले नाहीत. छत्रसाल स्टेडियममधील त्यांच्या आखाड्यातून सुशीलकुमार आणि योगेश्वर दत्त हे ऑलिंपिक पदकविजेते निघाले. कोल्हापुरात तयार झालेले हिंदकेसरी हरिश्चंद्र बिराजदार पुण्याच्या गोकुळ वस्ताद तालमीत शिकवू लागले. त्यांचा शिष्य राहुल आवारे याने २०१८ मध्ये राष्ट्रकुल सुवर्ण आणि २०१९ मध्ये जागतिक स्पर्धेचे कांस्यपदक आणले. बिराजदार २०११ मध्येच गेले होते. वस्तादाने लावलेल्या झाडाला फळ येते ते अनेकदा असे, त्याच्या पश्चात.

या दोन उदाहरणांतील फरकही पाहण्याजोगा आहे. सतपाल यांच्या हाती सरकारी स्टेडियम होते, मॅट होती आणि सरकारी पदाचा आधार होता. कोल्हापूरच्या वस्तादाच्या हाती बहुधा एक हौदा आणि लोकांचा आदर एवढेच असते. राजर्षी शाहू महाराजांच्या काळी असे नव्हते. महाराजांनी रोममधील प्राचीन क्रीडागार पाहून खासबागेचे मैदान उभारले आणि १९१२ मध्ये ते खुले केले, हे सर्वश्रुत आहे. परंतु त्याहून महत्त्वाचे म्हणजे त्यांनी मल्लांना आणि वस्तादांना राजाश्रय दिला. मैदानासाठी त्यांनी दगड-विटा लावल्या, तशीच तालमीसाठी माणसे पोसली. त्या पुण्याईवर हे शहर आजही उभे आहे. येथील फुटबॉलचे संघदेखील तालमींची नावे लावून खेळतात, इतकी ती संस्था नगराच्या हाडीमाशी खिळली आहे. राजाश्रय गेल्यावर मात्र तिचा भार मुख्यतः मुलांच्या घरच्यांनी वाहिला. दूध, तूप, बदाम यांचा खर्च सोसण्यासाठी कित्येक शेतकरी बापांनी आपल्या गरजा मारल्या.

शासन काही करीत नाही असे म्हणणे अन्यायाचे होईल. किताब मिळविलेल्या माजी मल्लांना राज्य सरकार मानधन देते. केंद्राने १९८५ मध्ये प्रशिक्षकांसाठी द्रोणाचार्य पुरस्कार सुरू केला, आणि त्याच्या पहिल्याच मानकऱ्यांत कुस्तीचे भालचंद्र भास्कर भागवत होते. परंतु मानधन मिळते ते तरुणपणी जिंकलेल्या गदेबद्दल, आणि पुरस्कार येतो तो बहुधा काम संपत आल्यावर. प्रत्यक्ष शिकविण्याच्या काळात वस्तादाला नियमित वेतन, तालमीला मातीच्या हौद्याशेजारी मॅट, आणि मॅटवरील गुणपद्धती शिकण्याची सोय, या साध्या गोष्टी अजूनही सर्वत्र पोहोचलेल्या नाहीत. आंदळकरांनी साठ वर्षांपूर्वी मातीतून मॅटवर जाऊन जे साधले, ते आजच्या पोराला साधायचे असेल तर ते केवळ त्याच्या जिद्दीवर सोपवून चालणार नाही.

आणखी एक निकड आहे. २०१८ मध्ये आंदळकर, २०१९ मध्ये दादू चौगुले आणि २०२० मध्ये खंचनाळे. तीन वर्षांत एक पिढी हातची गेली. या मंडळींची विद्या पुस्तकांत नव्हती. ती त्यांच्या हातांत होती, नजरेत होती आणि हौद्याच्या काठावरून दिलेल्या एका हाकेत होती. जे वस्ताद आज हयात आहेत, त्यांचे डाव, तोडी आणि मेहनतीची रीत नोंदवून ठेवण्याचे काम विद्यापीठाने, तालीम संघाने आणि शासनाने मिळून अंगावर घेतले पाहिजे. पुतळे आणि चौकांना नावे देणे सोपे असते. परंतु पुतळ्यापाशी कोणी पट काढायला शिकत नाही. आंदळकरांचे खरे स्मारक व्हावयाचे असेल तर ते मोतीबागेच्या मातीत, पहाटेच्या वेळी आणि एखाद्या जाणत्या वस्तादाच्या समोरच होईल.