बचावपटूच्या खांद्याआडून

फुटबॉलमध्ये आघाडीच्या खेळाडूचे मोल गोलांच्या संख्येवरून ठरवले जात असले, तरी तिचे बहुतांश काम चेंडू पायाशी नसतानाच चाललेले असते. सहकारी चेंडू पुढे देते त्या क्षणी आघाडीपटू प्रतिपक्षाच्या अर्ध्या मैदानात, चेंडूच्या आणि शेवटून दुसऱ्या प्रतिस्पर्ध्याच्याही पुढे गेलेली असेल आणि त्या जागेवरून खेळात सहभागी होईल, तर तिला ‘ऑफसाइड’ ठरवले जाते; त्यामुळे धाव अर्धा क्षण आधी सुरू झाली तर ती फुकट जाते आणि अर्धा क्षण उशिरा झाली तर बचावपटू वाटेत उभी असते. या अर्ध्या क्षणाची कला अमेरिकेतील सोफिया स्मिथ (विवाहानंतर सोफिया विल्सन) हिच्या खेळात इतकी उघडपणे दिसते, की महाविद्यालयापासून व्यावसायिक संघापर्यंतचा आघाडीपटूचा प्रवास तपासण्यासाठी तिचे उदाहरण विशेष उपयोगी ठरते.

तिच्या सामन्यांचे चित्रण पुनःपुन्हा पाहताना लक्ष वारंवार एकाच हालचालीकडे वळते. बचावपटूच्या खांद्याआड ती जवळजवळ चालत असते, मान वळवून मागची मोकळी जागा पाहून घेते, आणि पुढच्याच पावलाला तिचा वेग बदललेला असतो. हा संथपणा आळसाचा नव्हे; ती प्रतीक्षा आहे, आणि तीही शिकावी लागते.

१० ऑगस्ट २००० रोजी जन्मलेली आणि कोलोरॅडो राज्यातील विंडसर या गावी वाढलेली स्मिथ २०१८ मध्ये स्टॅनफर्ड विद्यापीठात दाखल झाली. अमेरिकेत मुलींच्या महाविद्यालयीन क्रीडेला बळ मिळाले ते १९७२ च्या ‘टायटल नाइन’ या कायद्यामुळे. केंद्र शासनाचा निधी घेणाऱ्या शिक्षणसंस्थांना लिंगभेद करण्यास त्याने मनाई केली आणि मुलींच्या संघांसाठी मैदाने, प्रशिक्षक व शिष्यवृत्त्या उभ्या राहिल्या. स्मिथच्या काळी सर्वोच्च श्रेणीतील महिला फुटबॉल संघाला १४ पूर्ण शिष्यवृत्त्यांइतकी मर्यादा होती आणि ती रक्कम अधिक खेळाडूंमध्ये विभागताही येत असे. महाविद्यालयीन सामन्याचे नियमही काहीसे वेगळे असतात: घड्याळ उलटे चालते आणि बदलीत बाहेर गेलेली खेळाडू ठरावीक मर्यादेत पुन्हा मैदानात उतरू शकते. व्यावसायिक सामन्यात बाहेर गेलेल्या खेळाडूला परतीची वाट नसते, म्हणून महाविद्यालयात पूर्ण ताकदीने धावण्याची सवय जडलेल्या आघाडीपटूला पुढे दम राखून खेळण्याचे गणित नव्याने मांडावे लागते.

पहिल्याच हंगामात पायाच्या अस्थिभंगामुळे स्मिथला मैदानाबाहेर बसावे लागले. पुढच्या, २०१९ च्या हंगामात तिने १७ गोल केले. राष्ट्रीय स्पर्धेच्या उपांत्य सामन्यात यूसीएलएविरुद्ध तीन गोल नोंदवले, आणि सॅन होजे येथील अंतिम सामन्यात गोलशून्य बरोबरीनंतर स्टॅनफर्डने नॉर्थ कॅरोलायनाला पेनल्टींवर ५-४ असे हरवले. गौरवाच्या वर्णनात हे तीन गोल नेहमी येतात, अस्थिभंगाचे महिने मात्र क्वचितच येतात. वास्तविक महाविद्यालयाची सर्वात मोठी देणगी त्या महिन्यांतच शोधली पाहिजे. जायबंदी खेळाडूचे शिक्षण चालू राहते, उपचार होतात आणि बरे होईपर्यंत थांबण्याची मुभा मिळते. उलट, २०२० मध्ये अमेरिकेच्या व्यावसायिक लीगमधील किमान वार्षिक वेतन २० हजार डॉलर होते, आणि एवढ्या वेतनावर जगणाऱ्या नवख्या खेळाडूला मोडलेल्या पायाची भीती अधिक वाटावी, हे स्वाभाविकच होते.

दोन हंगामांनंतर स्मिथने महाविद्यालय सोडले आणि जानेवारी २०२० मध्ये, वयाच्या १९ व्या वर्षी, ‘ड्राफ्ट’मध्ये तिची सर्वप्रथम निवड झाली. ड्राफ्ट म्हणजे महाविद्यालयीन खेळाडूंना क्लबांनी क्रमाक्रमाने वाटून घेण्याची तेव्हाची पद्धत. यात क्लब खेळाडू निवडत असे, खेळाडूला क्लब निवडता येत नसे. पोर्टलँड थॉर्न्सने ही पहिली निवड ऑर्लँडो प्राइडकडून देवघेवीत मिळवली आणि त्या व्यवहारात एमिली सॉनेट ही अनुभवी बचावपटू ऑर्लँडोला गेली. अशा रीतीने एका तरुणीच्या स्वागतासाठी दुसरीचे बिऱ्हाड हलवणाऱ्या पद्धतीला न्याय्य म्हणणे कठीण आहे, मग आधी निवडीची संधी देऊन तिने दुर्बळ संघांना कितीही आधार दिलेला असो.

पोर्टलँडमध्येही सुरुवात प्रतीक्षेनेच झाली. गुडघ्याच्या दुखापतीमुळे २०२० ची उन्हाळी स्पर्धा हुकली आणि सप्टेंबरमध्ये व्यावसायिक पदार्पण घडले. नोव्हेंबरात ती नेदरलँड्सविरुद्ध राष्ट्रीय संघाकडून उतरली, तेव्हा २००० किंवा त्यानंतर जन्मलेली त्या संघाची ती पहिली खेळाडू ठरली. २०२२ मध्ये तिने लीगमध्ये १४ गोल केले आणि सर्वात मौल्यवान खेळाडूचा पुरस्कार मिळवणारी ती तोवरची सर्वात तरुण खेळाडू झाली. त्या वर्षीचा अंतिम सामना २९ ऑक्टोबरच्या रात्री वॉशिंग्टनमध्ये झाला, तेव्हा महाराष्ट्रात ३० तारखेची पहाट होती, आणि त्याच ३० तारखेला नवी मुंबईत मुलींच्या १७ वर्षांखालील विश्वचषकाचा अंतिम सामना व्हायचा होता. वॉशिंग्टनमध्ये चौथ्याच मिनिटाला कॅन्सस सिटीच्या बचावफळीची गडबड झाली. स्मिथने चेंडू हेरला, गोलरक्षकाला वळसा घातला आणि रिकाम्या जाळ्यात चेंडू लोटला. हा गोल पायांइतकाच नजरेचा होता, कारण प्रतिपक्षाची चूक होण्याआधीच ती चूक घडणाऱ्या जागेकडे निघालेली दिसते. पोर्टलँडने तो सामना २-० असा जिंकला.

महाविद्यालय आवश्यकच आहे का, असा प्रश्न येथे रास्तपणे विचारला जाऊ शकतो. पॅरिस ऑलिंपिकमध्ये स्मिथसोबत आघाडीला खेळणाऱ्या मॅलरी स्वॉन्सन आणि ट्रिनिटी रॉडमन या दोघीही महाविद्यालयाचा एकही अधिकृत सामना न खेळता व्यावसायिक झाल्या होत्या. उपांत्य सामन्यात जर्मनीविरुद्ध जादा वेळेत स्मिथने निर्णायक गोल केला, तर १० ऑगस्ट २०२४ रोजी, म्हणजे स्मिथच्या चोविसाव्या वाढदिवशी, अंतिम सामन्यात ब्राझीलविरुद्धचा एकमेव गोल स्वॉन्सनचा होता. तेव्हा अपवादात्मक गुणवत्तेला एकच वाट बांधून देता येत नाही, हे मान्य केले पाहिजे. तरीही अपवादांवरून सर्वांची वाट आखणे चुकीचे ठरेल. ज्या मुलीचा पाय सतराव्या-अठराव्या वर्षी मोडेल, तिला वेतनाच्या आकड्यापेक्षा थांबण्याची मुभा अधिक मोलाची असते.

तो आकडाही आता मागे पडला आहे. २० हजार डॉलरवरून किमान वेतन २०२२ च्या करारानुसार ३५ हजारांवर गेले आणि २०२५ साठी ते ४८,५०० डॉलर ठरले. ऑगस्ट २०२४ मध्ये जाहीर झालेल्या ज्या कराराने हा आकडा ठरवला, त्यानेच ड्राफ्टही रद्द केला. महाविद्यालयातून बाहेर पडणारी खेळाडू आता कोणत्या क्लबशी करार करायचा हे स्वतः ठरवते.