शब्दांशी खेळणारे विनोबा

विनोबा म्हटलं की आपल्याला पवनारचे व्रतस्थ आचार्यच आठवतात. मला मात्र त्यांच्यातला मिश्कील कवी फार आवडतो.

तरुणपणी कविता मनासारखी जमली की ते ती आगीत टाकायचे! आईच्या ते लक्षात आलं. ती म्हणाली, मी तर या पाहिल्याच नाहीत. मग काय, आधी तिला वाचून दाखवायची, नंतर अग्नीला अर्पण. पुढे काशीत हा मान गंगेला मिळाला.

त्याच आईसाठी सोपी मराठी गीता हवी होती. ऑक्टोबर १९३० ते फेब्रुवारी १९३१ या काळात वर्ध्यात ती लिहून झाली, पण आई १९१८ मध्येच गेली होती. नाव ठेवलं ‘गीताई’. गीता आणि आई एकाच शब्दात! इतकी हळवी शब्दकोटी मला दुसरी माहीत नाही.

भूदान चळवळीत जमीन मागतानाही हीच हातोटी. घरात पाच मुलं असतील तर मला सहावा समजा आणि माझा वाटा द्या, असं ते जमीनदारांना सांगत. अफगाणिस्तान, ब्रह्मदेश (बर्मा), सिलोन यांच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून त्यांनी केलेला ‘ए-बी-सी त्रिकोण’ही असाच.

वर्ध्याला गेलात तर गोपुरीचं गीताई मंदिर नक्की पाहा. तिथे सगळी गीताई दगडांवर कोरलेली आहे.