कालव्यावरील पूल आणि लंडनची तीन स्थानके

शहरातील कालव्यावर लोहमार्गाचा पूल बांधणे हे वरवर पाहता किरकोळ काम वाटते. नदीच्या मानाने कालव्याचे पात्र अरुंद असते. परंतु खरी अडचण रुंदीची नसून उंचीची असते. कालव्याच्या पाण्याची पातळी लोहमार्गाच्या सोयीसाठी बदलता येत नाही, पुलाखालून नावा जाण्यापुरती जागा मोकळी ठेवावीच लागते, आणि आगगाडीला तीव्र चढ सोसत नाही. लंडनच्या रीजंट कालव्याने हा पेच तीन रेल्वे कंपन्यांपुढे टाकला.

हा कालवा १८२० साली पूर्ण झाला. लोहमार्ग त्यानंतर आले. उत्तरेकडून शहरात शिरणाऱ्या मार्गांना कालवा ओलांडणे प्राप्तच होते. लंडन-बर्मिंगहॅम मार्गाचे अभियंता रॉबर्ट स्टीफन्सन यांनी त्यावर पूल घातला. (मुंबई-ठाणे मार्ग बांधणाऱ्या जी. आय. पी. रेल्वेचे सल्लागार अभियंता पुढे हेच झाले.) यूस्टन स्थानक मात्र पुलापासून जेमतेम दीड किलोमीटरवर व बरेच सखल जागी होते. त्यामुळे मधली चढण काही ठिकाणी सहासष्टास एक इतकी झाली. ऑक्टोबर १८३७ पासून गाड्या या चढणीवर जाड दोराने ओढून घेत. दोर ओढणारी वाफेची दोन यंत्रे पुलापलीकडे कॅम्डन येथे जमिनीखाली बसविली होती. गाडीस इंजिन जोडले जाई ते तेथे. येणारी गाडी इंजिन सोडून, केवळ ब्रेकच्या आधारे, उतारावरून स्थानकात येई. जुलै १८४४ मध्ये ही पद्धत बंद झाली आणि इंजिनेच गाड्या चढवू लागली.

१८५२ साली उघडलेल्या किंग्ज क्रॉस स्थानकासाठी दुसरा उपाय निवडण्यात आला. मार्ग कालव्याखालून बोगद्याने नेला. पूल टळला, चढ मात्र टळला नाही. स्थानक सोडताच गाडीला चढणीस लागावे लागे.

शेजारच्याच सेंट पँक्रस स्थानकाची हकिकत अधिक उद्बोधक आहे. मिडलंड रेल्वेने पुन्हा पूलच पसंत केला. पुलानंतर उतरण्यास अंतर उरले नाही, म्हणून १८६८ साली उघडलेल्या या स्थानकाचे फलाट रस्त्याहून सुमारे ५ मीटर उंच राहिले. खालची पोकळी बोगद्यांच्या मातीने भरण्याचा प्रथम विचार होता. पुढे तेथे लोखंडी खांबांवर प्रशस्त तळघर करण्यात आले व बर्टन गावाहून येणाऱ्या बिअरच्या साठ्यासाठी ते वापरात आले. खांबांमधील अंतरही पिंपांच्या मापाने ठरविले गेले! अभियंता विल्यम बार्लो यांनी याच तळघरावरील तुळयांनी छताच्या कमानीची दोन्ही टोके जखडली. म्हणूनच ७३ मीटर रुंदीचे ते छत मध्ये एकही खांब न घेता उभे राहिले.

२००७ पासून या तळघरातून पॅरिसच्या गाडीचे प्रवासी ये-जा करू लागले. फलाटांवर जाण्यासाठी त्यांना अद्यापि वर चढावे लागते.