ताकायामाच्या तीन पेठा : चालत, चाखत, समजून घेत

आजच्या व्याख्यानात आपण एका गावातून चालणार आहोत. गाव जपानमधलं, नाव ताकायामा. नागोया शहरातून आगगाडीने उत्तरेकडे निघालं की साधारण अडीच तासांत आपण इथे पोचतो. हा गिफू प्रांताचा डोंगराळ भाग, जुनं नाव हिदा. गावाच्या मधोमध मियागावा नदी वाहते आणि तिच्या पूर्वेला सान्माची, म्हणजे शब्दशः ‘तीन पेठा’. काळपट लाकडाची, बुटक्या छपरांची घरं दोन्ही बाजूंना ओळीने उभी. आजकाल इथे वाटाड्याबरोबर दोन-तीन तासांच्या फेऱ्या निघतात. थोडं चालायचं, थोडं ऐकायचं, मध्येमध्ये काहीतरी चाखायचं.

आता कुणी म्हणेल, यात व्याख्यान देण्यासारखं काय आहे? आमचं म्हणणं असं, की अशी फेरी नीट केली तर ती एका प्रश्नाचं उत्तर देते. भात फारसा न पिकणाऱ्या, हिवाळ्यात बर्फाने अडून राहणाऱ्या या खोऱ्यात इतकी देखणी पेठ उभी राहिली कशी? आणि त्याला जोडून दुसरा प्रश्न येतो, की ती आजवर टिकली कशी आणि उद्या टिकेल का? हे दोन प्रश्न खिशात ठेवून आपण निघू या.

सुरुवात नदीच्या पश्चिमेला, ताकायामा जिन्यापासून. जिन्या म्हणजे सरकारी कचेरी. १५८५च्या सुमारास कानामोरी नागाचिका या सरदाराने हिदा जिंकलं, टेकडीवर किल्ला बांधला आणि पायथ्याशी गाव आखलं. त्याच्या घराण्याने सहा पिढ्या राज्य केलं. मग १६९२ साली एदोच्या, म्हणजे आजच्या तोक्योच्या, तोकुगावा सरकारने कानामोरींना दूर उत्तरेला हलवलं आणि हिदा थेट आपल्या ताब्यात घेतलं. का बरं? इथे भात नव्हता, पण लाकूड होतं आणि खाणी होत्या. आजही ताकायामा शहराच्या हद्दीत ९० टक्क्यांहून जास्त जमीन डोंगर-जंगलाची आहे. त्या जंगलासाठी सरकार इथे आलं. किल्ला पाडला गेला आणि कारभार या कचेरीतून चालू लागला. तो १८६८पर्यंत, म्हणजे सुमारे पावणेदोनशे वर्षं तसाच चालला. देशभरात अशा कचेऱ्या बऱ्याच होत्या, पण मूळ इमारत उभी राहिलेली ही एकच.

आत गेल्यावर बूट काढायचे, पिशवीत घालून हातात धरायचे. तातामीच्या स्वच्छ खोल्या, बाहेर बाग. सगळं शांत. पण पुढे एक खोली लागते. तिथे खडी पसरलेली आहे आणि आरोपीला बसवून जाब विचारण्याची साधनं मांडलेली आहेत. इथे वाटाड्या थांबला नाही तर आपण थांबावं. १७७१ ते १७८८ या काळात हिदाच्या शेतकऱ्यांनी पुन्हापुन्हा उठाव केला. आधी सरकारने जंगलतोड बंद केली आणि लाकूडतोड्यांची रोजी गेली. मग ओहारा नावाच्या अधिकाऱ्याने जमिनीची नव्याने मोजणी लावून सारा वाढवला. त्याच्यामागून त्याचा मुलगा गादीवर आला, त्याचा कारभारही तसाच. उठाव मोडून काढताना कित्येकांना मृत्युदंड झाला. त्यांतला झेनकुरो नावाचा पुढारी अवघा १८ वर्षांचा होता. अखेर धाकट्या ओहारालाही हद्दपारी झाली, पण त्याआधी बरीच माणसं गेली होती. पलीकडच्या पेठेचं देखणेपण पाहताना हे विसरायचं नाही, म्हणून आम्ही फेरी इथूनच सुरू करा असं सांगतो.

कचेरीच्या पुढ्यात रोज सकाळी बाजार भरतो. बायका शेतातली भाजी, फळं, लोणची घेऊन बसतात. पहिली चव इथेच घ्यावी, लाल सलगमाच्या लोणच्याची. जपानी लोणचं आपल्यासारखं तेल-मसाल्याचं नसतं. भाजी मिठात दाबून आंबवायची, एवढंच. सलगमाच्या सालीचा रंग उतरून सगळी फोड गुलाबी होते. चव आंबट-खारट, दाताखाली कुरकुरीत. हिवाळ्यात इथे शेत बर्फाखाली जातं, ताजी भाजी मिळत नाही. मग वसंतापर्यंत काय खायचं? हे लोणचं. कडक थंडीत तेही पिंपात गोठायचं, म्हणून ते तव्यावर परतून खायची रीत पडली. आज खानावळीत तेच वर अंडं घालून गरमागरम देतात.

आता लाल रंगाचा नाकाबाशी पूल ओलांडू या. पलीकडे आपण पेठेत शिरतो. घरं पाहा. दर्शनी बाजूला बारीक लाकडी जाळी, छप्पर खाली ओढलेलं, वरचा मजला जेमतेम. ही घरं व्यापाऱ्यांची. पैसा होता, पण सरदाराच्या वरताण घर बांधण्याची मुभा नव्हती. त्यामुळे श्रीमंती दारातून दिसत नाही, आत गेल्यावर कळते. रस्त्याच्या कडेने वाहत्या पाण्याचा पाट आहे. लाकडाच्या गावात आगीची भीती कायम, त्यासाठी ते पाणी. आणि हिवाळ्यात छपरावरचं बर्फ ढकलायलाही तेच.

हे सुतारकाम आलं कुठून? त्यासाठी बारा-तेराशे वर्षं मागे जावं लागतं. आठव्या शतकातल्या कायद्याने हिदाला काही कर माफ केले होते. त्या बदल्यात ५० घरांमागे १० माणसं सुतारकामासाठी राजधानीला पाठवायची. या माणसांनी नारा आणि क्योतोच्या उभारणीत हात लावला. म्हणजे बघा, या प्रदेशाने कर भरला तो कसबाच्या रूपात. ‘हिदाचा सुतार’ हा शब्द जपानमध्ये कौशल्याचं दुसरं नाव होऊन बसला. पहिल्या प्रश्नाचं अर्धं उत्तर आपल्याला इथे मिळतं. उरलेलं अर्धं व्यापाराच्या पैशात आहे.

काही दारांवर झाडाच्या डहाळ्यांचा मोठा गोल चेंडू टांगलेला दिसेल. त्याला सुगिदामा म्हणतात, सुगी म्हणजे जपानी देवदार. हे साके गाळणाऱ्यांचं घर अशी ती खूण. नवी साके तयार झाली की ताजा हिरवा चेंडू लावतात. महिने जातील तसा तो तपकिरी होत जातो आणि येणारा-जाणारा त्याच्या रंगावरून साके किती मुरली हे ओळखतो. थंड हवा आणि डोंगरातलं स्वच्छ पाणी ही साकेची गरज, आणि दोन्ही इथे आहेत. आत छोट्या पेल्यातून चाखायला देतात. जपानमध्ये वयाची २० वर्षं पूर्ण लागतात, हे लक्षात असू द्या. न पिणाऱ्यांनी नुसता वास घेतला तरी चालेल.

साके तांदळाची असते, पण ती होते कशी? वाफवलेल्या तांदळावर कोजी नावाची बुरशी वाढवतात. ती तांदळातल्या पिठाची साखर करते, आणि त्याच पिंपात यीस्ट त्या साखरेचं मद्य करतं. दोन्ही कामं एकाच वेळी चालतात, हे साकेचं वैशिष्ट्य. आता ही बुरशी विसरू नका, कारण पुढच्या दोन चवीही तिच्याच आहेत.

कोपऱ्यावर निखाऱ्यांवर काड्या भाजताना दिसतील. हे मितराशि दांगो, तांदळाच्या पिठाच्या गोळ्या काडीला ओवून भाजलेल्या. जपानमध्ये इतरत्र त्यांवर गोड पाक असतो. ताकायामात नुसता सोया सॉस लावतात, आणि तो निखाऱ्यावर किंचित करपला की खमंग वास सुटतो. गोड अपेक्षा ठेवून घास घेणारा चमकतोच. आणि एक रीत सांगतो. खात-खात गर्दीतून चालायचं नाही. दुकानापाशीच उभं राहून खायचं आणि काडी तिथेच परत द्यायची. रस्त्यात कचऱ्याचे डबे सहसा नसतात.

तिसरी चव होबा मिसोची. मिसो म्हणजे सोयाबीन आणि कोजी आंबवून केलेला खारट गोळा. मॅग्नोलियाच्या जातीच्या एका झाडाचं वाळलेलं रुंद पान छोट्या शेगडीवर ठेवतात, त्यावर मिसो, कांद्याची पात, अळंबी. पान जळत नाही, पण त्याचा वास मिसोत उतरतो. जंगलात भांड्याऐवजी पान, आणि भाताबरोबर एवढंच कोरड्यास. साकेत कोजी पिठाची साखर करते, तर मिसो आणि सोया सॉसमध्ये ती प्रथिनं फोडते. त्यातूनच ती भरदार चव येते. एकाच बुरशीवर गावाने आपला हिवाळा काढला, असं म्हणायला हरकत नाही. शाकाहारी मंडळींनी एक विचारून घ्यावं. सूप आणि रश्श्यात माशाचं पाणी बहुधा असतंच.

आणखी एक चव सगळ्या फेऱ्यांत असते, हिदाच्या गोमांसाची. दुकानांपुढे रांगा असतात. पण ही चव पेठेइतकी जुनी नाही. मेइजी काळापर्यंत जपानमध्ये गोमांस सर्रास खात नसत आणि ‘हिदा बीफ’ हे नाव तर १९८०च्या दशकातलं. खरी जुनी चैन होती माशाची. तोयामाच्या समुद्रातले बुरी मासे खारवून माणसांच्या पाठीवरून इथे यायचे. इथून ते नोमुगी खिंड ओलांडून आणखी पूर्वेला जायचे, आणि तिकडे त्यांना ‘हिदाचा बुरी’ म्हणत. हिदाला समुद्रच नाही! व्यापाऱ्यांचा पैसा अशा वाटांवरून यायचा. चांगला वाटाड्या कोण, तर जुनी चव कोणती आणि नवी कोणती हे न लपवता सांगतो तो.

उत्तरेकडे चालत गेलं की कुसाकाबे आणि योशिजिमा ही दोन व्यापारी घरं शेजारी-शेजारी लागतात. आगीत जळाल्यावर पहिलं १८७९ साली आणि दुसरं १९०७ साली पुन्हा बांधलं गेलं. तोवर सरदारशाहीची बंधनं उठली होती. आत शिरून वर पाहा, उघड्या तुळयांची ती उंच चौकट म्हणजे सुतारांनी मोकळा घेतलेला श्वासच.

आता दुसरा प्रश्न. १९६०च्या दशकात जपानभर जुनी घरं पाडून सिमेंटची उभी राहत होती. इथल्या रहिवाशांनी मात्र पेठ जपायचं ठरवलं. १९७५ साली कायदा बदलला आणि एकेका इमारतीऐवजी सबंध वस्ती जपता येऊ लागली. १९७९ साली सान्माची त्या यादीत आली. मालकाला दर्शनी भाग मनाप्रमाणे बदलता येत नाही, त्या बदल्यात दुरुस्तीला मदत मिळते.

पण लाकूड जपलं म्हणजे पेठ जपली का? रस्त्यात मधूनमधून उंच, अरुंद दारांची कोठारं दिसतात. त्यांत उत्सवाचे रथ असतात, वसंतातल्या उत्सवाचे १२ आणि शरदातल्या उत्सवाचे ११. काहींवर दोऱ्यांनी हलणाऱ्या बाहुल्या आहेत. २०१६ साली युनेस्कोने जपानमधल्या ३३ रथोत्सवांना मान्यता दिली, त्यांत हाही आहे. रथ सांभाळणं, ओढणं, बाहुल्यांच्या दोऱ्या शिकणं हे काम त्या-त्या आळीच्या मंडळाचं. घरांची दुकानं झाली, राहती माणसं उपनगरात गेली, तर रथ ओढायला आळीत उरणार कोण? वर्षाकाठी गावाच्या लोकसंख्येच्या कित्येक पट पाहुणे येतात. त्यांच्या पैशावर छपरं दुरुस्त होतात हे खरं, आणि त्यांच्यामुळेच घराचं दुकान करणं परवडतं हेही तितकंच खरं.

यावर आमच्याकडे तयार तोडगा नाही. पाहुण्याच्या हातात असलेल्या काही गोष्टी मात्र सांगता येतील. एक रात्र गावात मुक्काम करावा. बाजारातल्या बाईकडून लोणचं घ्यावं, तिने कुठल्या शेतातून आणलं ते विचारावं. जाळीच्या आत डोकावून फोटो काढू नये, कारण काही जाळ्यांमागे अजून कुणीतरी राहतं आहे. आणि जमल्यास उत्सवाच्या गर्दीऐवजी एखाद्या थंड, साध्या दिवशी जावं. त्या दिवशी निखाऱ्यावरचा दांगो जास्त गोड लागतो, खारट असूनसुद्धा.